एकाच लॉटच्या दोन डिस्क

नाना,

तुमची बावीसही रजिस्टरं मी रद्दीत दिली. तुम्हाला जाऊन तेव्हा नऊ वर्षं झाली होती आणि आता अठरा झाली आहेत, त्यामुळे हे तुमच्यापर्यंत पोहोचण्याचा प्रश्न कधी आलाच नाही. रद्दीच्या पावतीवर सही माझी आहे. त्या वेळी ती करताना हात थांबला नव्हता, कारण रद्दीत देण्यापूर्वी प्रत्येक पान स्कॅन करून घेतलं होतं आणि मी स्वतः दोनदा तपासलं होतं. दोन रजिस्टरांना वाळवी लागली होती. उरलेली वाचवण्याचा हाच शास्त्रशुद्ध मार्ग आहे, असं मी थोरल्या मालकांना लेखी कळवलं होतं. त्या पत्राची प्रत माझ्याकडे आजही आहे.

त्या रजिस्टरांत काय होतं हे आता आपल्या बियाणे कंपनीत मला एकट्यालाच ठाऊक आहे. संकरित ज्वारीचं बी करायचं तर मादी वाणाच्या आणि नर वाणाच्या ओळी शेजारी शेजारी पेराव्या लागतात, दोघांचा फुलोरा एकाच आठवड्यात यावा लागतो, आणि त्यासाठी कोण आधी पेरायचा, कोण किती दिवसांनी, हे जमिनीगणिक आणि हंगामागणिक बदलतं. ते अंतर चुकलं तर कणसं उभी राहतात, दाणा भरत नाही. तुम्ही बावीस वर्षं ती अंतरं लिहीत होतात. मला अजून दिसतं: सकाळचे साडेसात वाजले आहेत, तुम्ही फार्मच्या बांधावर उकिडवे बसला आहात, रजिस्टर मांडीवर, पेन्सिल कानावर, आणि मी, नुकताच बी.कॉम. झालेला, इस्त्रीच्या पँटीत, तुमच्यामागे उभा. तुम्ही न बघता म्हणता, "उभ्यानं ज्वारी दिसत न्हाई बाबा, खाली बस. पँट धुता येती, हंगाम धुता येत न्हाई."

स्कॅन झाल्यावर मी नवीन जालन्यातल्या एका दुकानातून दोन हार्ड डिस्क घेतल्या. दोन्हींवर तेच भरायचं. एक कार्यालयातल्या कपाटात, दुसरी फार्मच्या शीतगृहाशेजारच्या खोलीत. इथवर सगळं तुमच्या शिकवणीप्रमाणे होतं. दुकानदार तेव्हा म्हणाला होता, "साहेब, माझं ऐका, एक ह्या कंपनीची घ्या अन् एक त्या कंपनीची." मी हसलो. बियाण्याच्या धंद्यात एवढी वर्षं घालवलेल्या माणसाला हा सल्ला! मी त्याला ऐकवलं, "आमच्याकडे लॉट मिसळत नाहीत. दोन्ही एकाच लॉटच्या द्या." त्याने दिल्या. त्यांचे क्रमांक एकापुढे एक होते. ते मी मालमत्ता नोंदवहीत लिहिले, खाली दुहेरी रेघ मारली, आणि खरं सांगायचं तर मला त्या दोन आकड्यांचा अभिमान वाटला. तुम्ही मूळ बियाणं ठेवताना एक ओंजळ गेल्या सालची आणि एक औंदाची, एक काळ्या रानातली आणि एक मुरमाडातली, अशी ठेवत होतात. ते मी शेकडो वेळा पाहिलं होतं. शुद्ध राखण्याची रीत वेगळी आणि वाचवण्याची वेगळी, हे डोळ्यांपुढे असून मी शिकलो नाही.

गेल्या भाद्रपदात धाकट्या मालकांनी बोलावलं. कडब्याला मागणी वाढली आहे, तेव्हा तुमच्या काळचं ते उंच ज्वारीचं संकरित वाण पुन्हा काढायचं त्यांनी ठरवलं होतं. नर-मादीचं मूळ बी शीतगृहात होतंच. कुंभार पिंपळगावच्या चार शेतकऱ्यांशी बोलणी झाली होती, दसऱ्यानंतर पेरा. "पेरणीचं अंतर तेवढं जुन्या रजिस्टरांतून काढून द्या," ते म्हणाले. मी म्हणालो, "पाच मिनिटांत देतो." कपाटातली डिस्क जोडली. दिवा लागला, आवाज नाही. मोटर जाम झाली होती. दुसरी फार्मवरून आणवली. ती फिरली, आणि आतून टक् असा आवाज आला. थोडं थांबून पुन्हा टक्. आतली सुई अक्षरं शोधत होती आणि तिला सापडत नव्हती. मी वायर काढली.

त्या दिवसापासून एक भीती माझ्या अंगात आहे. मी जेवताना ती असते, स्कूटर चालवताना असते. मी आयुष्यभर ज्या गोष्टीची खात्री दिली ती गोष्ट एका काळ्या डबीत आहे, आणि ती डबी आणखी किती वेळा फिरेल हे कोणालाच सांगता येत नाही.

बंद पडलेल्या डिस्कमधून माहिती काढून देणाऱ्या तज्ज्ञाला फोनवर विचारलं तेव्हा पहिली सूचना मिळाली: ज्यावर सगळं उतरवून घ्यायचं ती नवी, मोठी, भरवशाची डिस्क आधी तयार ठेवा. म्हणून त्याच दुकानात गेलो. दुकानदार आता म्हातारा झाला आहे. "माल न्हाई साहेब."

"केव्हा येईल?"

"ते कंपनीला बी माहीत न्हाई. ह्या एआयवाल्यांनी मोठी मोठी डेटा सेंटरं बांधायला काढली अन् सगळा माल तिकडंच चालला. पुढच्या सालचा माल आजच बुक होऊन राह्यला म्हणतेत. आपण एक डिस्क मागणारे, आपल्याला कोण विचारतं?"

"दुसऱ्या कंपनीची द्या मग."

तो हसला. "आता सुचलं व्हय! तवा दोन कंपन्यांच्या घ्या म्हणलो तर तुम्ही मला बियाण्याचं शास्त्र शिकवलं. आता कंपन्या राह्यल्या किती? मी दुकान टाकलं तवा बोटावर मोजता येत न्हवत्या. एकीनं दुसरीला गिळलं, दुसरीनं तिसरीला. आता साऱ्या दुनियेत तीन उरल्या, साहेब. तीन."

नाना, तुम्ही असतात तर विचारलं असतं, त्या डिस्कचं एवढं काय घेऊन बसलास? पण आता जगाचं सगळं लिहिणं, बँकांच्या खतावण्या, दवाखान्यांचे कागद, जमिनीचे उतारे, असल्याच तबकड्यांवर फिरतं, आणि त्या तबकड्या घडवणारी घरं तीन. तुम्ही एका वाणाचं बी तीनच शेतांवर ठेवायला सुद्धा नाखूश असायचात.

शेवटी त्याने मागच्या फळीवरून एक सीलबंद डिस्क काढली. "ही एक हाय. नवी कोरी." मी ती कार्यालयात आणून तपासली. किती तास चालली, याची नोंद डिस्क स्वतःच्या पोटात ठेवते. त्या नोंदीत शून्य होतं. पण जोडणीच्या पितळी पट्ट्यांवर ओरखडे होते, म्हणून मी आतली दुसरी नोंद वाचली, जी पुसायचं बहुतेकांना सुचत नाही. तिच्यात तीन वर्षांहून जास्त तास होते. कुठल्या तरी मोठ्या डेटा सेंटरात झिजलेली डिस्क, तास पुसून, नव्या पाकिटात. परत नेली तेव्हा दुकानदाराचा चेहरा खरंच उतरला. "माझ्याकडं बी पॅक बंदच आल्ती, साहेब. माझ्या लेकराची शप्पथ."

मला त्याच्यावर ओरडता आलं नाही. नोकरीच्या दुसऱ्या वर्षी मी काय केलं होतं ते आठवलं. मागल्या सालची बाजरीची पोती उगवण चाचणीत पास झाली होती, तेव्हा वरून आलेल्या तोंडी हुकमावर मी त्यांना चालू सालची लेबलं लावून घेतली. तुम्ही गोदामात आलात, एक पोतं उसवलं, मूठभर दाणे हातावर घेतले आणि हमालांसमोर मला म्हणालात, "बीकॉम झालास म्हंजी तारीख बदलायचा परवाना भेटला का रे तुला? लेबल बदललं की दाण्याचं वय बदलतं?" मी हुकमाचं नाव सांगितलं. तुम्ही म्हणालात, "लेबल कोणाच्या हातानं लागलं ते बोल." मंग तुम्ही स्वतः बसलात आणि माझ्यासोबत एकेक लेबल सोडवलं. दुपारचं जेवण दोघांचंही राहिलं. (बघा, तुमच्याविषयी लिहिताना माझ्याही हातून 'मंग' येतं.)

तज्ज्ञ संभाजीनगरला आहेत. तिशीची बाई, छोटी प्रयोगशाळा, बाहेर चपला काढायच्या. दोन्ही डिस्क टेबलावर ठेवल्या तशी त्या क्रमांक वाचून हसल्या. "काका, जुळ्या बहिणीच आणल्या की! एकीला ताप आला की दुसरीला येणारच ना. असं कोण करतं?" धाकट्या मालकांचं आवडतं वाक्य मी त्यांना विचारून पाहिलं: हे सगळं क्लाउडवर असतं तर? "क्लाउड म्हंजी तरी काय, काका? तिथं बी ह्याच डिस्क फिरून राह्यल्या. फक्त त्यांच्याकडं चिक्कार हायेत, अन् तुमच्याकडं ह्या दोन."

मग त्यांनी भिंगाखाली बघून जे सांगितलं ते मी सहजासहजी विसरणार नाही. दुसरीची सुई खराब झाली आहे, पहिलीची मोटर. पहिलीची सुई काढून दुसरीत बसवता येईल. अशी सुई फक्त त्याच बनावटीच्या, शक्य तर त्याच लॉटच्या डिस्कमधून चालते, आणि ती आज बाजारात शोधून मिळाली नसती. म्हणजे ज्या चुकीने दोन्ही मेल्या तीच चूक आता एकीला उठवणार होती. "पण पहिली मंग कायमची गेली," त्या म्हणाल्या. "अन् सुई बी त्याच लॉटची. किती वेळ जगंल ते मी लिहून देऊ शकत न्हाई. बोला, आधी काय काढू?" उतरवून घ्यायला त्यांनी स्वतःच्या वापरातली डिस्क दिली.

मी संमतीपत्रावर सही केली. आधी नववं रजिस्टर, कारण त्या ज्वारीचं अंतर नवव्यात आहे; त्यानंतर पहिल्यापासून अनुक्रमाने, असा क्रम मी कागदावर लिहून दिला. अनुक्रमाने लिहिण्याची माझी सवय तुम्हाला ठाऊक आहे. चौथ्या दिवशी त्यांचा फोन आला. नववं आलं होतं. पहिल्यापासून चौदाव्यापर्यंत सगळी आली होती. चौदावं संपल्यावर सुईने मान टाकली आणि तबकडीवर चरा पडला. पंधरा ते बावीस आता कुठेही नाहीत.

मी नवव्यातलं अंतर काढलं. काळ्या रानात मादी आधी, नर नऊ दिवसांनी. तुमच्या अक्षरात, खाली तुमची आद्याक्षरं. कागद धाकट्या मालकांसमोर ठेवला. त्यांनी सहज विचारलं, "सगळी रजिस्टरं आहेत ना बराबर?" मी म्हणालो, "आहेत."

दसऱ्यानंतर पेरा झाला. त्यानंतर आठेक दिवसांनी, हातात काही काम नसताना, मला आठवलं की पंधराव्या रजिस्टरापासून तुम्ही जुन्या नोंदी दुरुस्त करायला घेतल्या होत्या. तुम्ही म्हणायचात, "तरणेपणी मी घाईनं लिहेल हाय, आता बघतो." शेवटच्या वर्षांत तुमचा हात थरथरायचा, तरी अनेक वाणांची अंतरं तुम्ही खोडून नव्याने मांडली होती. त्यांत हे वाण होतं की नव्हतं, मला आठवत नाही. ती सगळी पानं मी दोनदा तपासली होती, पण ती स्पष्ट उमटली आहेत की नाहीत एवढंच पाहत होतो. त्यांवर काय लिहिलंय ते वाचलं नव्हतं.

परवा कुंभार पिंपळगावहून एका शेतकऱ्याचा फोन आला. बाई आहेत, नवऱ्यामागे शेत त्याच पाहतात. "साहेब, मादी पोटरीत यायला लागली अन् नर आणखी पानंच काढून राह्यला. तुमच्या वहीत असंच लिहेल हाय ना?"

"असंच आहे, ताई."

"मंग बिलकुल टेन्शन न्हाई. मी शेजारच्यांला बी सांगते."

अजून उपाय आहे, नाना. तो तुम्हीच शिकवला होतात: मागे पडलेल्या नराच्या ओळींवर युरियाची फवारणी, पुढे गेलेल्या मादीचं एक पाणी लांबवणं. पण तो याच आठवड्यात करायला हवा, चारही शेतांवर, आणि तो सांगायचा तर नवव्यातल्या आकड्यावर माझा भरवसा का नाही, हेही सांगावं लागेल. मग आठ रजिस्टरं, मग दोन डिस्क, मग रद्दीची पावती. परवापासून मी दोन वेळा उठलो आणि पाणी पिऊन परत बसलो. आज सकाळपासून हे लिहितो आहे, आता दुपारचे पावणेतीन झाले. ज्यांना सांगायचं ते धाकटे मालक शेजारच्याच खोलीत आहेत. मधलं दार उघडं आहे, त्यांच्या खुर्चीचा आवाज मला इथे ऐकू येतो, आणि मी तुम्हाला लिहितो आहे, कारण तुम्ही उत्तर देणार नाही.