डाव्या मांडीवरची चापट

मी, रेमंड जोसेफ कुबिका, वय सत्तावन्न, राहणार कोल्टन रन, पेनसिल्व्हेनिया, पूर्वीचा धंदा फुटबॉल (आमचा अमेरिकन, चेंडू हातात घेऊन खेळायचा), सध्याचा धंदा काही नाही, हे मृत्युपत्र राजीखुशीने आणि शुद्धीत असताना लिहून ठेवतो. शुद्धीबद्दल डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे. त्यांनी मला कागदावर घड्याळाचं चित्र काढायला सांगितलं, मी काढलं. पाच शब्द लक्षात ठेवायला सांगितले, त्यातले दोनच लक्षात राहिले. ते म्हणाले, आज सही केली तर चालेल, पुढच्या वर्षीचं सांगता येत नाही. म्हणून आज. यापूर्वी मी एकही मृत्युपत्र केलेलं नाही, त्यामुळे रद्द करण्यासारखं काही नाही.

वकीलबाई मिस हॅलोरन यांनी मला एक छापील नमुना दिला होता. तो मी बाजूला ठेवला आहे. कायद्याचं कलम जिथे चुकेल तिथे त्यांनी दुरुस्त करावं, बाकी माझ्या बोलण्याला हात लावू नये.

एक. मिल स्ट्रीटवरचं राहतं घर, मागच्या गॅरेजसह, माझी बहीण मार्जरी हिला द्यावं. न्हाणीघराचं दार मी चार इंच रुंद करून घेतलं होतं, तेव्हा माझं वजन तीनशे दहा पौंड होतं. आता मी एकशे नव्वदचा आहे आणि त्या दारातून जाताना उगाच दुसऱ्याच्या घरात आल्यासारखं वाटतं. मार्जने हवं तर दार पूर्ववत करावं. ती दर गुरुवारी चर्चच्या हॉलमध्ये बायकांबरोबर बटाट्याच्या पिअरोगी, म्हणजे उकडलेल्या करंज्या, करते आणि मला डबा आणून देते. "एका माणसाचं जेवण खातोस आणि मी अजून चौघांचं करते," असं गेली वीस वर्षं ऐकवते. डबे तिचे आहेत, ते फडताळात वरच्या खणात आहेत.

दोन. बँकेत जे असेल ते मार्जच्या मुलीला, कॅरोलाइनला, तिच्या परिचारिकेच्या शिक्षणासाठी. किती आहे ते मिस हॅलोरन सांगतील. मला विचारू नये.

तीन. वडिलांची हत्यारं, म्हणजे मोठे पाने, दोन हातोडे आणि पोलाद कारखान्यातला त्यांचा पत्र्याचा जेवणाचा डबा, शेजारी स्टॅन गोर्स्की याला. माझं बर्फ उडवण्याचं यंत्र २०११ पासून त्याच्याकडेच आहे, तेही त्याचं झालं असं समजावं. त्याने ते स्वतःचं आहे असं समजायला तेव्हाच सुरुवात केली होती. मात्र दर हिवाळ्यात माझ्या पायऱ्या तोच साफ करतो आणि दार न वाजवता निघून जातो. त्याने एखाद्या दिवशी दार वाजवलं असतं तर मला आवडलं असतं.

चार. माझी पूर्वीची पत्नी डेनिस, सध्या अॅरिझोनात, हिला स्वयंपाकघरातलं टेबल. आमचं भांडण कधीच झालं नाही, त्यासाठी दोघांनी बोलावं लागतं. बारा वर्षं ती रविवारी टीव्हीवर मला शोधत बसायची आणि सापडलो की माझी पाठ दिसायची. जाताना म्हणाली, "रे, घरी आल्यावरसुद्धा तू मला पाठच दाखवलीस." टेबल चांगल्या अक्रोडाचं आहे. ते मी तिच्यासाठी केलं होतं हे तिला सांगायचं राहून गेलं.

पाच. गावच्या हायस्कूलने दारातल्या भिंतीवर माझं नाव लावलं आहे आणि फोटो दुसऱ्याचा. मी दोनदा पत्र लिहिलं. आता राहू द्यावं. त्या फोटोतला माणूस माझ्यापेक्षा देखणा आहे.

सहा. माझा मेंदू विद्यापीठाच्या प्रयोगशाळेत पाठवावा, डोकी आपटून खेळाडूंचे मेंदू कसे झिजतात ते तिथे बघतात; तशी सही मी आधीच केलेली आहे. मार्जला हे पसंत नाही. "रेमंड, देवासमोर अर्धा जाणार आहेस का?" म्हणाली. मी म्हटलं, अर्धा तर आत्ताच गेलाय. त्या लोकांना आत काय सापडायचं ते सापडो. पण एक गोष्ट त्यांना कोणत्याही भिंगातून दिसणार नाही आणि ती माझ्याशिवाय कोणालाच ठाऊक नाही. मी विसरलो की ती घडलीच नव्हती असं होईल. हे मृत्युपत्र खरं तर त्यासाठी आहे, घर आणि हातोडे ओघाने आले.

सात. मी सेंटर होतो. आघाडीच्या फळीतले आम्ही पाच जण, मी मधला. चेंडू माझ्या हातात असायचा, तो पायांमधून मागे क्वार्टरबॅककडे, म्हणजे डाव चालवणाऱ्याकडे, द्यायचा आणि समोरून येणाऱ्या माणसाला अडवायचं, एवढंच काम. आमच्यासाठी कोणी टाळ्या वाजवत नाही. बारा हंगामांत लाउडस्पीकरवर माझ्या पाठीवरचा त्रेसष्ट आकडा एकोणीस वेळा घेतला गेला, एकोणीसही वेळा माझ्या चुकीसाठी. माझी सगळ्यात मोठी चूक मात्र कोणी पुकारली नाही.

माझ्या डाव्या हाताला नऊ हंगाम अॅल्विन टिलरी खेळला. जॉर्जियाचा, बाप्टिस्ट, फळीतली त्याची जागा गार्डची. सरावाला आम्ही एका गाडीतून जायचो आणि तो पूर्ण रस्ताभर माझ्या खाण्यावर बोलायचा. "अरे, तुझ्या आईने तुला जन्म दिला की ट्रकने आणून टाकला?" असं त्याचं सकाळचं स्वागत असायचं. मला त्याच्याइतकं जवळचं माणूस त्याआधी नव्हतं आणि नंतर मिळालं नाही.

बंद छताच्या मैदानात पन्नास हजार लोक ओरडायला लागले की क्वार्टरबॅकची हाक ऐकू येत नाही. मग असं करायचं: मी खाली मान घालून चेंडूवर हात ठेवायचा, अॅल्विनने पायांमधून मागे बघायचं, क्वार्टरबॅकने इशारा केला की माझ्या डाव्या मांडीवर चापट द्यायची. चापट बसली की मी चेंडू सोडायचा. त्याच्या हातावर नऊ वर्षं मी डोळे मिटून विश्वास ठेवला.

१९९६ च्या जानेवारीत, उपान्त्य सामन्यात, तिसऱ्या सत्रात माझ्या कमरेत काहीतरी तुटलं. मी मागे जाऊन इंजेक्शन घेतलं आणि ज्याने दिलं त्याला कोणाला सांगू नकोस म्हटलं. माझ्या जागेवर डोळा ठेवून एक तेवीस वर्षांचा सेंटर बाकावर बसला होता आणि माझा करार संपत आला होता. इंजेक्शनने डावी मांडी बधिर झाली. पूर्ण बधिर, लाकडासारखी. अॅल्विनला एवढंच म्हणायला हवं होतं, "चापट पाठीवर दे." मी म्हटलं नाही. त्याच्या खांद्याची हालचाल डोळ्याच्या कोपऱ्यातून बघून अंदाजाने चेंडू सोडत राहिलो. अकरा वेळा अंदाज बरोबर आला.

बाराव्या वेळी चौतीस सेकंद उरले होते, आम्ही चार गुणांनी मागे, गोलची रेषा नऊ यार्डांवर. क्वार्टरबॅक उजवीकडे वळून कोणाला तरी जागा दाखवत होता. अॅल्विनचा खांदा हलला, बहुधा त्याने नुसता श्वास घेतला. मी चेंडू सोडला. तो क्वार्टरबॅकच्या कानाजवळून मागे गेला आणि तिकडच्यांनी उचलला. हंगाम संपला.

कपडे बदलायच्या खोलीत प्रशिक्षकांनी विचारलं, "चापट दिली होती का?" अॅल्विनने माझ्याकडे पाहिलं. मी म्हणालो, "मला लागली."

एवढे दोन शब्द. दुसऱ्या दिवशी सर्वांनी मिळून चित्रफीत पाहिली, त्यात त्याचा हात माझ्या मांडीमागे झाकलेला होता. बाहेर गाडीपाशी त्याने मला एकट्याला विचारलं.

"रे, खरं सांग. दिली होती मी?"

"लागली मला, अॅल."

त्याने आपला पंजा उलटसुलट करून पाहिला. मग म्हणाला, "मग दिली असेल. हात माझा, पण मांडी तुझी. तू खोटं कशाला बोलशील?"

मार्चमध्ये त्याला काढून टाकलं. वर्तमानपत्रांनी त्याचंच नाव छापलं. तो एकतीस वर्षांचा होता आणि काळा होता, त्याला घरी पाठवणं किती सोपं आहे हे मला तेव्हाही कळत होतं. त्यानंतर त्याला कोणी घेतलं नाही. मी आणखी दोन हंगाम खेळलो.

आठ. तळघरात पत्र्याचे तेवीस डबे आहेत, झाकणावर लाल पक्षी असलेले. अॅल्विन दर नाताळला आपल्या अंगणातल्या झाडाचे पेकान, अक्रोडासारखा सुका मेवा, पाठवतो, १९९६ पासून एकदाही चुकला नाही. प्रत्येक डब्यात त्याच्या हातची एक चिठ्ठी असते. पहिलीत लिहिलं होतं, "त्या चापटेबद्दल माफ कर, भावा." पुढे पुढे नातवंडांची नावं, गुडघ्यांच्या तक्रारी, पण शेवटची ओळ तीच. मी पहिल्या वर्षीचे पेकान खाल्ले. नंतरचे स्टॅनच्या कोंबड्यांनी खाल्ले. रिकाम्या डब्यांत मी खिळे ठेवतो. चिठ्ठ्या सगळ्या तेविसाव्या डब्यात आहेत. तो डबा अॅल्विन टिलरी याला परत द्यावा. माफी मागायचं काम त्याचं नव्हतं.

मिस हॅलोरन म्हणाल्या, "मिस्टर कुबिका, माणूस जिवंत आहे. फोन करा ना."

मी सांगितलं, केलाय. सहा-सात वेळा. दरवेळी तो उचलतो आणि म्हणतो, "कोण, ट्रकने आणून टाकलेला का?" मग मी हवापाण्याचं बोलतो आणि ठेवतो. मार्जची बोलणी सोडली तर ते माझं त्या आठवड्यातलं एकमेव बोलणं असतं. खरं सांगितलं तर तेही जाईल अशी भीती वाटते. मी फार एकटा आहे. हे कायद्याच्या भाषेत कसं लिहितात मला ठाऊक नाही, बाईंनी दुरुस्त करू नये.

"आणि उद्या ते भेटायला आले," बाई म्हणाल्या, "आणि तुम्हाला माफी कशाची मागायची हेच आठवलं नाही, तर?"

म्हणून कलम सात आणि आठ यांची प्रत, मी मेल्यावर नाही, आज, सही झाल्याबरोबर त्याच्या पत्त्यावर टपालाने जावी. पाकीट साक्षीदार लॉइस हिने टाकावं. मी परत मागितलं तर देऊ नये.

नऊ. शवपेटी उचलायला सहा जण लागतील. पूर्वी आठ लागले असते. त्यात अॅल्विनला धरू नये, त्याची पाठ धड नाही. तो आलाच तर त्याला पेटीच्या डाव्या बाजूला, मधोमध उभं करावं. बाकीच्यांनी हात लावून, खाली मान घालून थांबावं. त्याने पेटीवर चापट दिली की उचलावं. त्याला वेळ लागला तर लागू द्यावा, फादरनी घाई करू नये. तो आला नाही तर अर्धा तास वाट बघून उचलावं आणि त्याला कोणी नावं ठेवू नयेत. तेव्हा मी थांबलो नव्हतो. या वेळी थांबेन.

या मृत्युपत्राच्या अंमलबजावणीसाठी मिस हॅलोरन यांना नेमलं आहे. वरचं सगळं मी वाचलं, मला वाचून दाखवलं, आणि ते माझंच आहे.

सही: रेमंड जे. कुबिका
ठिकाण: कोल्टन रन, तारीख १२ मार्च २०१९

साक्षीदार पहिला: वॉरन डिट्झ, टपालवाहक. सही माझ्यासमोर झाली.

साक्षीदार दुसरी: लॉइस मॅकेन्टी, मेन स्ट्रीटवरच्या उपाहारगृहात वाढपी. सही माझ्यासमोर झाली. पाकीट माझ्याकडे दिलं. मिस्टर कुबिका माझ्याबरोबर कोपऱ्यापर्यंत चालत आले आणि टपालपेटीपाशी त्यांनी ते परत मागितलं. मी दिलं नाही. पुन्हा मागितलं. मग म्हणाले, "टाकताना मला सांग, मी बघणार नाही," आणि खाली मान घालून उभे राहिले. मी त्यांच्या दंडावर हलकेच हात मारला आणि पाकीट टाकलं. तेव्हा दुपारचे दोन वाजून दहा मिनिटं झाली होती.