वुब्बेचा वाढदिवस

८ ऑक्टोबर, सोमवार
आज हिल्व्हरसमला टीव्हीवर कामाला लागले. या वयात. नात योरिंडच्या वर्गाबरोबर बाहुल्यांचं चित्रीकरण बघायला आले होते, तेव्हा मधेच बोलून गेले की हे बाहुले मास्तरासारखे बोलतात, अशानं पोरं झोपतील. दिग्दर्शिका माखटेल्ड म्हणाली, मग हिल्टेआजी, तुम्हीच लिहा. शाळा माझी चौथीपर्यंत, पण तोंड चालतं तसा हातही चालेल. मुख्य बाहुला वुब्बे, पाणमांजर, हातात घालून नाचवायचा. त्याला नाचवतो आणि त्याचा आवाज काढतो तो येल्मर, विड्या ओढून घसा खरवडलेला. कॉफीबरोबर एकच बिस्कीट मिळालं आणि डबा बंद. घरच्यासारखं वाटलं.

१२ ऑक्टोबर, शुक्रवार
शुक्रवारी कार्यक्रम थेट दाखवतात. शेवटी वुब्बे वाढदिवसाच्या एका पोराचं नाव घेऊन अभिनंदन करतो. आज झ्वोल गावचा सीट्से. मी वुब्बेसमोरच सांगितलं, ही काय रीत झाली? वाढदिवस एकाचा असला तरी जवळ बसलेल्या प्रत्येकाचं अभिनंदन करायचं असतं, आईचं, मावशीचं, शेजारणीचंसुद्धा. माखटेल्ड म्हणाली, तेवढा वेळ नाही. वुब्बे मात्र मान वाकडी करून ऐकत होता. येल्मर चांगला कामाचा आहे.

१५ ऑक्टोबर, सोमवार
सीट्सेच्या आईचा फोन. शुक्रवारपासून पोराच्या तोंडून शब्द नाही, डॉक्टरला घशात काही सापडत नाही. मी म्हटलं, चार दिवस शांतता भोगून घे बाई. नंतर तालमीत वुब्बे हसला. उचकी लागल्यासारखं, लहान पोरासारखं. येल्मरच्या घशातून ते निघणं शक्य नाही.

२२ ऑक्टोबर, सोमवार
मागच्या शुक्रवारी नाव घेतलेली ब्रेडा गावची मुलगीही मुकी झाली. आणि वुब्बे आज तिकडची मऊ, दक्षिणेची बोली बोलला. येल्मर पक्का उत्तरेचा. म्हणतो, आजी, शपथ, मी तोंडच उघडलं नव्हतं. माखटेल्ड म्हणते, योगायोग. तिला म्हटलं, तुझ्या घरी नुसती मांजर आहे, म्हणून तुला योगायोग सुचतात.

२४ ऑक्टोबर, बुधवार
या शुक्रवारी योरिंडचा वाढदिवस. सुनेनं हौसेनं नाव कळवलंय. मी नाव खोडलं, दुसरं लिहिलं. तालमीत वुब्बेनं योरिंडचंच घेतलं. माझ्याकडे बघून.
पोरीचा आवाज कर्कश आहे. पण तिचा आहे, या चिंधीचा नाही.
त्याला कात्री लावली. आतून सीट्सेच्या आवाजात रडला. कात्री खाली ठेवली.

२५ ऑक्टोबर, गुरुवार
येल्मर पळाला. बरं झालं. उद्या वुब्बेत हात माझा.
लिहून ठेवलंय — वाढदिवस वुब्बेचाच. समोर आरसा. स्वतःचं नाव घेऊन स्वतःचं अभिनंदन करायचं. मग जाऊ दे त्याची वाचा. मुंडी माझ्या मुठीत आहे, बघते कसा बोलत नाही.

२६ ऑक्टोबर, शुक्रवार
बोलला. आरशात बघून, स्वतःचं नाव घेऊन. मुंडी दाबूनच धरली होती. तिथंच संपायला हवं होतं —
वळला. माझ्याकडे. वाढदिवस त्याचा, जवळचं माणूस मी. माझीच रीत. म्हणाला, हिल्टे, वुब्बेच्या वाढदिवसाबद्दल तुमचंही अभिनंदन.

झ्वोलहून फोन आला — सीट्से धिरडी मागतोय. ब्रेडाची बोलतेय. योरिंड फोनवर किंचाळून गाणं म्हणत होती. तिला गप्प बस म्हणायला गेले —
आवाज नाही.

उजवा हात वुब्बेतून बाहेर निघत नाही. डाव्यानं लिहितेय. तो बोलतोय, माझ्या आवाजात, माझ्याच शिव्या देतोय. दे. आवाज नेलास, शब्द अजून माझे आहेत. पुढचं वाक्य मी लिहिणार आणि ते तुला बोलावंच लागेल. घे —
वुब्बे म्हणतो, मी आता