ऑटर नदीवरची अनघा

बडली सॉल्टरटन, डेव्हन
१२ एप्रिल २०२५

ती. बाबांस,
अनघाचा शि. सा. नमस्कार, वि. वि.

व्हॉट्सअॅपवर मराठीचं पार भरीत होतं, तेव्हा कागदावरच लिही, हा तुमचा हुकूम पाळते आहे. शुद्धलेखन तपासून पत्र परत पाठवू नका म्हणजे झालं.

बातमी अशी, की इथल्या इतिहास मंडळाला नदीकाठच्या फेरीसाठी गाइड हवे आहेत आणि मी नाव दिलंय. तुमचा जावई मुकुल हॉस्पिटलच्या ड्यूट्या करत होता, तेव्हा दोन वर्षं मी या ऑटर नदीच्या काठानेच हिंडत होते. लाल मातीचे कडे पाहिले की आईला चिपळूण आठवेल. हजारेक वर्षांपूर्वीच्या नोंदीत सापडणारी पाणचक्की आजही पीठ दळते. पलीकडच्या गावांतून बायका उशीवर टाचण्या रोवून लेस विणायच्या, तीच राणी व्हिक्टोरियाने लग्नात डोक्यावर घेतली. आणि गंमत म्हणजे नदीचं नाव ऑटर, म्हणजे पाणमांजर, पण नाव गाजतंय बीव्हरचं! कुत्र्याएवढा, नारिंगी दातांचा, झाडं कुरतडून पाडणारा आणि बांध घालणारा प्राणी. मराठीत त्याला नावच नाही.

पण मुलाखतीत एका आजीबाईंनी अगदी गोड हसून विचारलं, की तू इथली नाहीस ना? जन्म मुंबईचा, वाढले सिंगापूरच्या बिशानला, राहते इंग्लंडात डेव्हनला. काय सांगणार, कप्पाळ? आता मे महिन्यात परीक्षा म्हणून गावातल्याच लोकांना फेरी घडवायची आहे. त्यांच्या खापरपणज्यांची नदी मी त्यांना सांगायची! नाव मागे घ्यावंसं वाटतं. मग आहेच एक्सिटरला जाऊन पुन्हा ऑडिटची नोकरी. पण बाबा, मला ती नको आहे हो. मला ही नदी हवी आहे.

आईला नमस्कार. लोभ असावा, आणि तुमच्या पार्कातल्या पाणमांजरांवर आहे त्याहून अंमळ जास्त असावा.

आपली,
अनघा

बिशान, सिंगापूर
२७ एप्रिल २०२५

चि. अनघास,
अनेक आशीर्वाद.

नाव मागे घेतलंस तर गाठ माझ्याशी आहे. शुद्धलेखन ठीक. विचारांत मात्र ढीगभर चुका आहेत.

तुझ्या बीव्हरवर लायब्ररीतून पुस्तकं आणली आणि डोळे फुटेस्तोवर वाचली. चारशे वर्षांपूर्वी कातडीसाठी मारून संपवलेला प्राणी एक दिवस तुमच्या नदीत दिसला. कुठून आला, कुणी सोडला, आजही कुणी छातीठोक सांगत नाही. सरकार पकडायला निघालं तर गावकरीच आडवे आले. मग पाच वर्षं त्याला आजमावलं आणि २०२० साली कायम राहायची परवानगी दिली. अगं वेडाबाई, याला आपल्या सिंगापुरात काय म्हणतात? आधी एम्प्लॉयमेंट पास, मग पीआर! मीही याच रस्त्याने आलोय. माझे दात तेवढे नारिंगी नाहीत.

आणि आमची पाणमांजरं तरी कुठली? पलीकडून समुद्र पोहून आली म्हणतात. आम्ही आलो तेव्हा इथे नदी कसली, सिमेंटचा नाला होता. आता तिथे ही मंडळी सहकुटुंब मासे खातात आणि जावयाच्या ऐटीत रस्ता ओलांडतात. गाड्या थांबतात. कुणीही त्यांना गाव विचारत नाही.

दोन वर्षं तू तो काठ पायाखाली घातलास. त्या आजीबाईंना म्हणावं, ज्याने पायाखाली घातली त्याची नदी. ऑडिटला माणसं पुष्कळ मिळतात.

तुझी आई सुलेखा म्हणते, बोलताना हातवारे करू नकोस आणि स्वेटर घाल. लोभ तुझ्यावरच आहे, पाणमांजरांना फक्त वेळ देतो.

तुझा,
बाबा

बडली सॉल्टरटन, डेव्हन
२५ मे २०२५

ती. बाबांस,
शि. सा. नमस्कार, वि. वि.

बाबा, जमलं!

सुरुवातीला चक्कीचं सांगितलं, लेसचं सांगितलं. माणसं हं हं करत होती, जणू नातवाची कविता ऐकताहेत. मग बीव्हरपाशी आले आणि तोंडातून तुमचं वाक्य निसटलं, की आमच्या सिंगापूरमध्ये याला पीआर म्हणतात आणि माझ्या बाबांनाही तो असाच मिळाला. सगळे खो खो हसले. तेवढ्यात समोर पाण्यात शेपटी फाडकन आपटली! बीव्हर! त्याला आमचा गोंगाट आवडला नसावा, पण मला तर त्याला मिठी मारावीशी वाटली.

त्या आजीबाई माझ्या शेजारी होत्या. जन्म या गावात गेला, पण बीव्हर आजच पाहिला, असं म्हणाल्या आणि माझा हात सोडेचनात. रविवारी चहाला बोलावलंय. त्यांच्या आजीची लेसची उशी दाखवणार आहेत, कारण त्यांच्या घरात ती कुणाला बघायचीच नाही.

गाइडचा बिल्ला मिळाला. मी तो लावूनच भाजी आणायला गेले. मुकुल म्हणतो, झोपताना तरी काढ.

हातवारे केले, हे आईला सांगू नका. लोभ आहेच. थोडा आमच्या बीव्हरलाही द्या.

आपली,
अनघा

बिशान, सिंगापूर
२० जून २०२५

चि. अनघास,
अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र शेजारपाजारच्यांना वाचून दाखवलं. मराठी न कळणाऱ्यांनाही दाखवलं. सुलेखा म्हणते मला चढलीय. चढणारच! तिनेही तुझा बिल्ल्याचा फोटो देवाजवळ ठेवलाय, पण ते तिचं चालतं.

काल पार्कात पाणमांजरं पाहायला एक इंग्रज जोडपं आलं होतं. कुठलं, तर डेव्हनचं! मग काय, मी सुटलोच. चक्की, लेस, लाल कडे, बीव्हर, सगळं सांगितलं. पाणमांजरं येऊन गेली तरी आमचं चालूच. तो गृहस्थ खजील होऊन म्हणाला, की आयुष्य डेव्हनमध्ये गेलं पण त्या नदीवर कधी गेलोच नाही. बाईंनी विचारलं, की तुम्ही डेव्हनमध्ये किती वर्षं होतात? मी म्हटलं, एक दिवसही नाही. मग तुमचं तिथे कोण, असं त्यांनी विचारलं. अनघा, मी ताठ उभा राहिलो आणि सांगितलं, की माझी मुलगी तिथलीच आहे.

तब्येतीला जप. लोभ कसला मागतेस, उतू चाललाय.

तुझा,
बाबा

ता. क. सप्टेंबरात ते दोघं तुझ्या फेरीला येणार आहेत. नदी नीट दाखव. कितीही झालं तरी तुझ्या गावाकडची माणसं आहेत.