मी गोरेंग

प्रिय देवदत्त,

तुझा मेसेज मिळाला. त्याचं उत्तर शेवटी देते, आधी परवाच्या जेवणाविषयी लिहू दे. तुमच्या स्वयंपाकघरात मी एवढी राबले आणि दमलीस का, असं तू एका शब्दानेही विचारलं नाहीस.

मी गोरेंग म्हणजे काही पाकिटातल्या नूडल्स नव्हेत. मलेशियात पेनांगला ट्रेनिंगला होते तेव्हा शेजारच्या बाईंकडून हट्टाने शिकले. सुक्या लाल मिरच्या भिजवून लसणाबरोबर वाटायच्या. तोफू दोन ताटल्यांत दाबून त्यातलं पाणी काढायचं, नाहीतर कढईत सगळ्याचा लगदा होतो. आमचा दूधवाला त्याला सोया पनीर म्हणतो आणि घेणाऱ्याकडे आजारी माणसाकडे बघावं तसं बघतो. तुमच्या नॉनस्टिकला एवढी आच सोसणार नाही म्हणून लोखंडी कढई मी अमीनाबादच्या बाजारातून आणली. कोबी, गाजर, फरसबी, पातीचा कांदा मोठ्या आचेवर भराभर परतला, मग नूडल्स, गोडसर सोया सॉस, वरून लिंबू. तुझ्या आई दारात उभ्या होत्या. बेटा, कितनी मेहनत कर रही हो, असं मला म्हणाल्या आणि वळून तुझ्या बहिणीला, मृणालला, मराठीत म्हणाल्या की ही घर काळं करून जाणार. मृणालने ओढणीत तोंड लपवलं. मी भोळी, मला वाटलं त्या धुराबद्दल बोलताहेत.

कल्पना तुझीच होती. माझं आडनाव श्रीवास्तव, जन्म लखनौचा. माझी आई वर्ध्याची आहे आणि आमच्या घरात मराठीच चालतं हे तुमच्याकडे कोणाच्या स्वप्नातही येणार नव्हतं. जेवण होईपर्यंत हिंदीच बोल, मग बडीशेप देताना एकदम मराठीत सुरू कर, आई हरखून जाईल, असं तू म्हणालास. मलाही गंमत वाटली. काय बोलायचं ते मी चारबाग स्टेशनपासून रिक्षात घोकत आले होते.

पण त्याआधी त्यांनी मला पदार्थाचं नाव विचारलं. मी सांगितलं. त्यांनी माझ्याकडे गोड हसून बघितलं आणि मुलीला म्हणाल्या, "मी गोरेंग म्हणे! हिने आधी आरशात बघावं, मग म्हणावं." पाठोपाठ, मुलं आमच्या देवदत्तवर गेली म्हणजे मिळवली, हेही झालं. मग मला हिंदीत, बहुत स्वाद है, और लो.

तुझे बाबा ताटात बघत राहिले. मृणाल हसली. तिचं मला काही वाटत नाही, तिच्या लेखी मी बहिरीच होते. पण देवदत्त, त्या टेबलावर मला मराठी येतं हे एकट्या तुला ठाऊक होतं, आणि तू हसलास. तोंडातला घास नीट गिळून, मनापासून हसलास. वर मला डोळा मारलास, जणू आपण दोघं मिळून त्यांची फजिती करत होतो. मी उठले, सगळ्यांना आणखी वाढलं आणि बडीशेप न घेता निघाले. घरी आईने उत्सुकतेने विचारलं, मराठी ऐकून खूश झाल्या का गं त्या? मी हो म्हटलं. ती रात्रभर तुमचं कौतुक करत होती.

आता तुझा मेसेज. तू लिहितोस, आई तयार आहे, रंगाचं ती चालवून घेईल, आणि मराठीचं सरप्राइज तू राखून ठेवलंस ते बरं केलंस, साखरपुड्याला सगळ्यांसमोर देऊ. इतके दिवस राखून ठेवणं मला जमायचं नाही रे. म्हणून आजवर कधी केलं नाही ते केलं, मराठीत, चांगल्या टपोऱ्या अक्षरात पत्र लिहिलं. पाकिटावर नाव मात्र तुझं घातलं नाही, तुझ्या आईचं घातलं. म्हणजे हे आधी त्यांनी वाचलं असेल, आणि तुझ्या हातात आता त्याच देत असतील. साखरपुडा होणार नाही. आणि काकू, नमस्कार. मला मराठी येतं. तुमच्या मुलाला ते पहिल्यापासून माहीत होतं.

तुझी होता होता राहिलेली,
पूर्वा