क्लबची प्रसिद्ध करी

अहो,

'प्रिय' लिहायला घेतलं आणि हात थांबला. चाळीस वर्षांत तुम्हाला 'अहो' सोडून कधी काही म्हटलं नाही, आता कशाला नाटक? तुम्ही जाऊन तीन महिने झाले. मनातल्या मनात पुष्कळ बोलले तुमच्याशी, पण लिहायची वेळ काल आली. काल रग्बी क्लबचा शॉन तुमचं पुस्तक घेऊन आला.

एक नाही, खोकीच्या खोकी. क्लबमध्ये जागा नाही म्हणून सगळी आपल्या बेसमेंटमध्ये ठेवून गेला. तुम्ही असताना क्लबचं सामान आपल्याच घरी यायचं, तुम्ही गेल्यावरही तेच. मी 'बरं' म्हटलं. सवय, दुसरं काय.

हिरवं कव्हर छान झालंय. वर क्लबचं नाव, खाली लेखक म्हणून तुमचं. आयरिश लोकांच्या रग्बी क्लबचा इतिहास कुणी लिहावा? तर पुण्याच्या एका इंजिनियरने, जो जन्मात एकदाच मैदानात उतरला आणि अकराव्या मिनिटाला कॉलरबोन मोडून बाहेर आला! पुढे दीड महिना तुमच्या शर्टाची बटणं मी लावत होते. ते पुस्तकात नाही. नसू दे.

बाकी सगळं आहे. आयर्लंडहून आलेल्या सुतार-गवंड्यांनी चर्चच्या बेसमेंटमध्ये घेतलेली पहिली मीटिंग आहे. कुणाच्या तरी बाथटबमध्ये हिरव्या रंगात बुडवलेले पांढरे शर्ट आहेत, आणि पहिल्याच पावसात हिरवेगार झालेले खेळाडू. ब्रॅम्पटन गावाबाहेरचं शेतकऱ्याचं ते कुरण आहे, जिथे आता वेअरहाउसं उभी राहिलीत. मैदान मोजताना टेप धरायला कुणीतरी हवं म्हणून शॉन तुम्हाला ऑफिसातून घेऊन गेला आणि तुम्ही तेवीस वर्षं सेक्रेटरी होऊन बसलात, तेही आहे. त्या शेतकऱ्याची गायसुद्धा आहे. तिने कोपऱ्यातला झेंडा खाल्ला म्हणून तिला अख्खा परिच्छेद. नाव डेझी.

मी कुठे आहे?

दुपारभर चष्मा लावून शोधत होते. मॅच संपली की पाहुण्या टीमला यजमानांनी जेवू घालायचं, हा रग्बीतला रिवाज तुम्हीच मला सांगितलात. शॉनची बायको मॉरीन स्ट्यू करायची. एका शनिवारी ती आजारी पडली आणि तुम्ही सकाळी आठला मला म्हणालात, "अगं, तीस-पस्तीस जणांचं बघशील ना?" मी मोठं पातेलं काढून बटाट्याचा रस्सा केला. पुण्याहून आईने पाठवलेला सगळा गोडा मसाला त्यात संपला. चिखलाने माखलेली ती धिप्पाड माणसं पातेलं पुसून खाऊन गेली. त्यानंतर एकोणीस वर्षं आपल्या मैदानावरच्या प्रत्येक मॅचला माझंच पातेलं.

पुस्तकात त्याला तुम्ही 'क्लबची प्रसिद्ध करी' म्हटलंय. लांबच्या टीमही तिच्यासाठी यायला तयार असत म्हणे. कुणाची करी? क्लबची. क्लब काय कांदे चिरायला बसायचा?

त्याच पानावर क्लबच्या किचनच्या खिडकीतला फोटो आहे. माणसं सहा आणि खाली 'डावीकडून' म्हणून नावं पाच. डावीकडून चौथी मी आहे, साडीवर आपल्या नेहाचा जुना स्वेटर, हातात डाव. चौथं नाव आहे पॅट्रिक. म्हणजे वाचणाऱ्याच्या लेखी मी पॅट्रिक.

मला वाटलं, छापताना चुकलं असेल. शॉनला फोन केला. तो म्हणाला, "वी हॅड यू इन देअर, सुमन. मॉरीन पुट इट इन. ही टुक इट आउट. ही सेड, शी इज फॅमिली, यू डोन्ट थँक फॅमिली."

खाली येऊन तुमचा ड्रॉवर उघडला. पुस्तकाची तुम्ही तपासलेली प्रुफं सापडली. मॉरीनने माझ्यावर चार ओळी लिहिल्या होत्या, नावासकट, मसाल्यासकट. त्यांच्यावर तुमची लाल रेघ. फोटोखालच्या नावावरही लाल रेघ. आणि समासात, त्या आयरिश लोकांना वाचता येऊ नये असं, मराठीत: 'घरचं आहे. नको.'

तुमच्यावर पहिलं पान शॉनने लिहिलंय. भरभरून लिहिलंय, मी रडले वाचून. तुमचं नाव परक्यांनी घातलं. माझंही परक्यांनीच घातलं होतं. खोडलं ते घरच्याने.

नेहाला सांगितलं तर म्हणाली, "आई, दॅट्स जस्ट बाबा. ही वॉज बीइंग मॉडेस्ट." मॉडेस्ट? मग स्वतःच्या नावावर रेघ मारायची होतीत. माझ्या नावाचा संकोच तुम्हाला कशाला?

आपल्याकडे घरच्यांचे आभार मानत नाहीत, ठाऊक आहे मला. मीही त्यातच वाढले. एका शब्दाने विचारलं असतंत तर कदाचित मीच 'नको' म्हटलं असतं. तेवढं 'नको'सुद्धा तुम्ही माझ्याकडे राहू दिलं नाहीत. हॉस्पिटलमध्ये मी सूप भरवताना रोज विचारायचात, "पुस्तक आलं का?" मी रोज म्हणायचे, "येईल हो." तेव्हा तरी सांगायचं होतं ना.

तुम्ही गेलात त्या आठवड्यात क्लबच्या लोकांनी न सांगता येऊन आपल्या ड्राइव्हवेवरचा बर्फ फावड्याने काढून दिला. त्यांच्यावर माझा राग नाही. सगळा तुमच्यावर आहे, आणि तो ऐकायला तुम्ही नाही, याचा आणखी राग आहे.

रविवारी प्रकाशन आहे. शॉन म्हणतोय, "जस्ट से अ फ्यू वर्ड्स." मी भाषण करणार नाही. रस्साही करणार नाही, जेवण बाहेरून मागवा असं त्याला सांगून टाकलंय.

पण तुम्हाला एक वचन देते. उद्या सकाळपासून मी एकेक खोकं उघडणार आहे. प्रत्येक पुस्तकात, त्या फोटोखाली, तिसऱ्या नावाच्या आणि पॅट्रिकच्या मध्ये माझं नाव लिहिणार आहे. ड्रॉवरमधलं तुमचं लाल पेन अजून चालतंय. घाई करणार नाही, अक्षर नीट काढीन. सुरुवात तुमच्या प्रतीपासून.

डावीकडून चौथी,
सुमन