अंघोळीचा सीन

बाई, धामणगाव बढ्याच्या शाळेत मला पहिल्यांदा स्टेजवर उभं केलंत ते तुम्ही. गॅदरिंगला स्वतःची जरीची साडी नेसवलीत आणि म्हणालात, "मान खाली घालून कधी बोलू नकोस." सव्विसाव्या वर्षी मी कोल्हापूरला सिनेमात काम करू लागले. तिकडे तेव्हा थोडक्या पैशांत उरकलेल्या चावट सिनेमांची लाट आली होती. गोष्ट नावाला, बाकी दुअर्थी बोलणं आणि एक अंघोळ. माझी अंघोळ ऐन थंडीत, नदीत. दिग्दर्शक म्हणाला, "पदर अजून खाली." मी म्हटलं, "इथपर्यंतच. जमत नसेल तर दुसरी बघा." पदर तिथंच राहिला. दात वाजत होते तरी मी लाडिक हसत होते. तो अभिनयच होता, बाई.

तो सिनेमा गावात टुरिंग टॉकीजच्या तंबूत लागला तेव्हा मी माहेरी होते. तुम्हाला भेटायला शाळेत आले, तर तुम्ही दारातच अडवलंत. "माझी विद्यार्थिनी म्हणून कुठं सांगू नकोस. शाळा कमिटीनं तुझा भिंतीवरचा फोटोसुद्धा उतरवलाय." वर्गातल्या मुली खिडकीतून बघत होत्या. मी परत फिरले.

त्याच संध्याकाळी मी तिकीट काढून तंबूत शिरते. मध्ये दोरी बांधलेली. बायकांच्या बाजूला माझ्याशिवाय कोणी नाही. मध्यंतरात दिवे लागतात, आणि पलीकडे खुर्च्यांवर बसलेली असते तुमची अख्खी शाळा कमिटी! मी उभी राहून खणखणीत विचारते, "काका, सिनेमा आवडून राह्यला का?" अध्यक्ष उपरणं तोंडावर ओढतात. मागून कोणीतरी ओरडतो, "आता काऊन लपता जी?" सगळा तंबू हसतो. मी खाली बसते आणि शिट्ट्यांच्या गदारोळात स्वतःची अंघोळ शेवटपर्यंत बघते.

पुढं मी असे बरेच सिनेमे केले. लाज वाटली नाही, आजही वाटत नाही. काढणारे, दाखवणारे, बघणारे सगळे अब्रूदार राहिले. बाटले म्हणे ती मी एकटी. तुमचं सांगणं मात्र मी मोडलं. अभिनय कुठं शिकलात असं कोणी विचारलं की ताठ मानेनं तुमचंच नाव घेते. हे पत्र टाकायला आता पत्ता नाही, आणि असता तरी टाकलं नसतं. एवढं मात्र कबूल करते: त्या दिवशी दिवे लागले तेव्हा माझी नजर आधी कमिटीकडे गेली नव्हती. बायकांच्या रिकाम्या बाजूला मी तुम्हाला शोधत होते.