नकार शिकवल्याबद्दल

माननीय प्राचार्यांस,
पदाला द्यावा लागतो तेवढा नमस्कार.

नव्या अध्यापिकेला मी बिघडवले, असे तुम्ही भर बैठकीत म्हणालात. "मी तुम्हाला तिची मार्गदर्शक नेमलं होतं, वकील नाही!"

माझ्याकडे आली तेव्हा ती नर्सिंगची अध्यापिका कमी आणि सर्वांची हरकामी अधिक होती. विद्यार्थिनींना घेऊन वॉर्डात गेली की मेट्रन तिला गैरहजर परिचारिकेच्या जागी उभी करायच्या, आणि त्याच वेळी तुम्ही तिला प्रवेशाच्या कामाला बोलवायचात. ती राजीनाम्याची भाषा बोलू लागली होती. विषय तिला उत्तम येतो. तो मी शिकवला नाही. एकच वाक्य घोटून घेतले: "विद्यार्थिनी रुग्णाजवळ आहेत, त्यांना सोडून मी येणार नाही." सोमवारी ते तिने तुम्हाला ऐकवले. आवाज जरा कापला, एवढीच माझी तक्रार आहे.

त्याच संध्याकाळी तुम्ही तिला माझ्याकडून काढून घेतलेत आणि तिने माझ्याकडे फिरकू नये, असा आदेश काढलात. हे पत्र मी पाठवणार नाही, कारण तुम्ही ते न वाचताच फायलीला लावाल. पण आज दुपारी ती डबा घेऊन माझ्या टेबलाशी आली. मी तुमच्या आदेशाची आठवण करून दिली.

"ताई, आदेश कामाच्या वेळेचा आहे. जेवणाची सुट्टी माझी."

हे मी शिकवलेले नव्हते. मी तिच्यासाठी खुर्ची ओढली.

तुमच्या हाताखालची, पण मुठीतली नव्हे,
ज्येष्ठ अध्यापिका